क्रमवारीच्या मधल्या पायऱ्यांवर : आदित्य मेहता आणि भारतीय व्यावसायिक स्नूकरची कथा

#इतिहास #धागा

१/
ऑक्टोबर २०१३. नवी दिल्लीत ‘इंडियन ओपन’ या स्नूकर स्पर्धेचा अंतिम सामना सुरू होता. एका बाजूला चीनचा डिंग जुनहुई, त्या काळातील जगातला बहुधा सर्वाधिक भरात असलेला खेळाडू. दुसऱ्या बाजूला सत्तावीस वर्षांचा एक मुंबईकर, आदित्य मेहता. नऊ फ्रेमचा सामना पाच फ्रेममध्येच संपला. निकाल : डिंग ५, मेहता ०.
नोंदवहीत एवढेच उरते. परंतु या शून्यामागे सुमारे १४० वर्षांचा इतिहास आहे. त्याचा आरंभ इंग्लंडमध्ये नव्हे, तर भारतातच झाला.

२/
क्रीडेचा इतिहास सहसा विजेत्यांच्या अनुषंगाने लिहिला जातो. मात्र एखादा खेळ व्यवसाय म्हणून कसा चालतो, त्यात पैसा कोठून येतो, कोणाला मिळतो आणि कोणाला मिळत नाही, हे समजून घ्यायचे असेल तर क्रमवारीतील पन्नासाव्या, साठाव्या, ऐंशीव्या खेळाडूकडे पाहावे लागते. अग्रस्थानी असलेला खेळाडू कोणत्याही व्यवस्थेत तग धरतो. व्यवस्थेचे खरे स्वरूप मधल्या पायऱ्यांवर उघड होते. आदित्य मेहताची कारकीर्द म्हणूनच अभ्यासण्याजोगी आहे.

३/
प्रथम खेळाचा उगम. १८७५ चा पावसाळा, जबलपूरची लष्करी छावणी. बाहेर पाऊस आणि आत मेसमध्ये बिलियर्ड्सचे टेबल. नेव्हिल चेंबरलेन या तरुण ब्रिटिश अधिकाऱ्याने तेव्हा प्रचलित असलेल्या ‘ब्लॅक पूल’ या खेळात आणखी रंगीत चेंडूंची भर घातली. ‘स्नूकर’ हा शब्द मूळचा वूलिच येथील लष्करी अकादमीतला. तेथे प्रथम वर्षाच्या नवख्या छात्राला थट्टेने ‘स्नूकर’ म्हणत. एका सहकाऱ्याचा सोपा फटका चुकला, तेव्हा चेंबरलेनने त्याला त्याच नावाने हाक मारली आणि ते नाव खेळालाच चिकटले.

४/
पुढे उटकमंडच्या क्लबात या खेळाचे नियम निश्चित होऊन भिंतीवर लावले गेले. १८८५ मध्ये इंग्लंडचा नामांकित बिलियर्ड्सपटू जॉन रॉबर्ट्स धाकटा भारतात आला असता त्याने चेंबरलेनकडून हा खेळ समजून घेतला आणि तो इंग्लंडला नेला, असे सांगितले जाते. जनकत्वाचा वाद पुष्कळ वर्षे चालला. अखेरीस १९३८ मध्ये वृद्ध चेंबरलेनने स्वतः एका इंग्रजी नियतकालिकाला पत्र लिहून हा वृत्तान्त नोंदवला.
थोडक्यात, भारतात जन्मलेला हा खेळ परदेशी गेला, आणि त्याची बाजारपेठही तेथेच उभी राहिली.

५/
ज्यांनी हा खेळ कधी पाहिला नाही त्यांच्यासाठी : टेबल सुमारे १२ फूट लांब आणि ६ फूट रुंद, त्याला सहा खिसे. चेंडू २२. त्यांत १५ लाल, ६ रंगीत आणि एक पांढरा. लाल चेंडूला १ गुण. रंगीतांना २ ते ७, सर्वाधिक ७ काळ्याला. एक लाल, मग एक रंगीत, पुन्हा लाल, असा क्रम चालतो. पंधराही लालांबरोबर प्रत्येक वेळी काळाच खिशात घातला आणि शेवटी सर्व रंगीत चेंडू क्रमाने संपवले, तर बेरीज १४७ होते. त्यासाठी सलग ३६ चेंडू न चुकता खिशात जावे लागतात. हा आकडा लक्षात ठेवावा. कथेत तो पुन्हा येणार आहे.

६/
भारतात बिलियर्ड्सची टेबले होती ती संस्थानिकांच्या वाड्यांत, लष्करी मेसमध्ये आणि मुंबई, पुणे, कलकत्ता, मद्रास येथील क्लब-जिमखान्यांत. टेबल म्हणजे पाटीच्या दगडाचे जड तळ आणि त्यावर ताणलेले लोकरी कापड. ते घेणे, बसवणे, राखणे सामान्यांच्या आवाक्यात नव्हते. त्यामुळे खेळायचे तर आधी सभासदत्व हवे.
या दालनांत आणखी एक व्यक्ती असे : ‘मार्कर’. गुण मोजणारा, क्यूंची निगा राखणारा, सभासदाला जोडीदार नसेल तर त्याच्याबरोबर खेळणारा. अनेक सभासद खेळ शिकले ते याच मार्करांकडून. त्यांची नावे फारशी कोठे नोंदली गेली नाहीत.

७/
या वातावरणातून भारताचा पहिला मोठा खेळाडू पुढे आला. विल्सन जोन्स यांचा जन्म २ मे १९२२ रोजी पुण्यात झाला. १९५८ मध्ये कलकत्त्यात त्यांनी जागतिक हौशी बिलियर्ड्स स्पर्धा जिंकली. कोणत्याही वैयक्तिक खेळात जगज्जेता ठरलेले ते स्वतंत्र भारताचे पहिले खेळाडू. १९६४ मध्ये न्यूझीलंडमध्ये त्यांनी ते पद पुन्हा मिळवले.
त्यांच्यानंतर मुंबईच्या मायकेल फरेरा यांनी १९७७, १९८१ आणि १९८३ मध्ये हौशी बिलियर्ड्सचे जागतिक विजेतेपद पटकावले. १९८४ मध्ये डब्लिन येथे ओम अगरवाल यांनी जागतिक हौशी स्नूकर विजेतेपद भारताला मिळवून दिले.

८/
या तिन्ही नावांमागे एक शब्द समान आहे : हौशी. भारतीय वाचकाच्या नजरेतून तो सहसा निसटतो. बिलियर्ड्स-स्नूकरमध्ये दोन स्वतंत्र शिड्या आहेत. एक हौशी जागतिक स्पर्धांची. त्यांत देशाचे प्रतिनिधित्व असते, पदक असते, मायदेशी सन्मान असतो. दुसरी व्यावसायिक दौऱ्याची. तेथे देशाचा संघ नसतो. असतो फक्त खेळाडू, त्याची क्यू आणि बक्षिसाची रक्कम. भारत पहिल्या शिडीवर अनेकदा शिखरावर पोहोचला. दुसऱ्या शिडीवरची चढण मात्र दीर्घकाळ जवळजवळ रिकामीच राहिली.

९/
व्यावसायिक शिडीचा आरंभही गरिबीतच झाला होता. १९२७ च्या पहिल्या जागतिक स्पर्धेत विजेत्या जो डेव्हिसच्या हाती पडले अवघे साडेसहा पौंड. खेळाचे नशीब पालटले ते १९६९ नंतर. रंगीत दूरचित्रवाणी आली आणि रंगीत चेंडूंचा खेळ तिला अगदी साजेसा ठरला. १९७६ मध्ये जागतिक क्रमवारी सुरू झाली. १९८५ च्या जागतिक अंतिम सामन्याचा निकाल शेवटच्या काळ्या चेंडूवर लागला, तेव्हा मध्यरात्र उलटून गेली असतानाही ब्रिटनमध्ये सुमारे १ कोटी ८५ लाख लोक दूरचित्रवाणीसमोर बसून होते.

१०/
१९९१ मध्ये व्यावसायिक संघटनेने दारे सताड उघडली. शुल्क भरेल तो व्यावसायिक. पाहता पाहता खेळाडूंची संख्या शेकड्यांत गेली. या दशकात मुंबईचा यासीन मर्चंट व्यावसायिक दौऱ्यावर खेळला. त्या वाटेने जाणाऱ्या पहिल्या भारतीयांत त्याची गणना होते. आशियाई विजेतेपद मिळवलेला हा खेळाडू इंग्लंडातील पात्रता फेऱ्यांच्या गर्दीत उभा राहिला. तेथे प्रेक्षक नसत, कॅमेरे नसत. असत ती ओळीने मांडलेली टेबले आणि प्रत्येक टेबलाशी एक-एक उपजीविका पणाला लागलेली. दशकाच्या अखेरीस दारे पुन्हा अरुंद झाली.

११/
आदित्य मेहताचा जन्म ३१ ऑक्टोबर १९८५ चा, मुंबईतला. त्याच वर्षी, त्याच्या तीन महिने आधी, २४ जुलै १९८५ रोजी पुण्यात आणखी एक मुलगा जन्माला आला होता : पंकज अडवाणी. तो वाढला बंगळूरुत, पण जन्माने पुण्याचा. २००३ मध्ये अडवाणी हौशी स्नूकरचा जगज्जेता झाला आणि पुढे बिलियर्ड्स व स्नूकर मिळून पंचविसाहून अधिक जागतिक विजेतेपदे त्याच्या नावावर जमा झाली.
एकाच वर्षी महाराष्ट्रात जन्मलेल्या या दोन खेळाडूंच्या वाटा एकमेकींना छेदतात, आणि भारतीय स्नूकरपुढचा पेच त्या छेदबिंदूवर स्पष्ट दिसतो.

१२/
मेहताने व्यावसायिक दौऱ्यावर पहिले पाऊल टाकले ते २००८-०९ च्या हंगामात. काळ प्रतिकूल होता. ब्रिटनमध्ये तंबाखूच्या जाहिरातींवर बंदी आल्याने खेळाचे जुने प्रायोजक गेले होते. २००९-१० मध्ये तर संपूर्ण हंगामात अवघ्या सहा रँकिंग स्पर्धा झाल्या. कमी स्पर्धा म्हणजे कमी संधी. तळाच्या खेळाडूने दोन सामने गमावले की महिनोन् महिने हाताला काम नाही. मेहताचा हा पहिला प्रयत्न टिकला नाही. दौऱ्यावरील स्थान गमावून त्याला परतावे लागले.

१३/
पण तो थांबला नाही. २०१० च्या ग्वांगझू आशियाई क्रीडा स्पर्धेत भारताच्या स्नूकर संघाने रौप्यपदक मिळवले. त्या संघात यासीन मर्चंट, ब्रिजेश दमाणी आणि आदित्य मेहता होते. १९९० च्या दशकात परदेशी वाट चोखाळणारा ज्येष्ठ मुंबईकर आणि तीच वाट नव्याने धरू पाहणारा तरुण मुंबईकर एकाच संघात खेळले, हा योगायोग इतिहासाच्या दृष्टीने बोलका आहे. त्यानंतर मेहताने व्यावसायिक दौऱ्यावर पुन्हा प्रवेश मिळवला.

१४/
दरम्यान दौराही बदलला होता. २०१० मध्ये बॅरी हर्न या ब्रिटिश प्रवर्तकाने सूत्रे हाती घेतली. स्पर्धांची संख्या झपाट्याने वाढली. २०१३-१४ पासून दौऱ्यावर १२८ खेळाडू आणि बहुतेक स्पर्धांत सर्वांनी पहिल्या फेरीपासूनच खेळायचे, अशी रचना आली. दोन वर्षांच्या अखेरीस पहिल्या ६४ जणांचे स्थान कायम. उरलेल्यांपैकी ज्यांची मुदत संपली, ते बाहेर. परतायचे तर ‘क्यू स्कूल’ ही पात्रता स्पर्धा. तिचे प्रवेशशुल्क १००० पौंड, तेही स्वतःच्या खिशातून.

१५/
वरवर पाहता ही समता होती. तिचा हिशेब मात्र कठोर होता. बहुतेक स्पर्धांत पहिल्या फेरीत हरणाऱ्याला एक पैही मिळत नसे. २०१४ पासून क्रमवारीच बक्षिसाच्या रकमेवर ठरू लागली. म्हणजे दोन वर्षांत जितके पौंड कमावले तितके गुण. पहिल्या फेरीतील पराभव एकाच वेळी खिशाला आणि क्रमवारीला बसे.
पात्रता सामने बहुतांशी ब्रिटनमध्ये. चीनमधील स्पर्धेची पहिली फेरीही अनेकदा इंग्लंडातील एखाद्या क्रीडा संकुलात. लीड्सचा खेळाडू सामना हरला तर रात्री घरी जाई. मुंबईच्या खेळाडूमागे विमानभाडे, व्हिसा, परक्या गावातले घरभाडे आणि सरावाच्या टेबलाचा खर्च उभा असे.

१६/
आणखी एक अडचण सहसा लक्षात येत नाही : कापड. व्यावसायिक सामन्यांच्या टेबलाखाली उष्णतेची सोय असते. त्यामुळे कापड कोरडे राहते आणि चेंडू वेगाने, सरळ धावतो. मुंबईच्या दमट हवेत, विशेषतः पावसाळ्यात, लोकरी कापड ओलावा धरते आणि चेंडू जड चालतो. संथ टेबलावर घडलेला हात वेगवान टेबलावर गेला की प्रत्येक फटक्याचे माप नव्याने बसवावे लागते. ज्या खेळात दोन-तीन मिलिमीटरचा फरक निकाल ठरवतो, तेथे ही बाब किरकोळ म्हणता येत नाही. ज्या पावसाने जबलपुरात या खेळाला जन्म दिला, तोच भारतीय खेळाडूच्या आड येत होता.

१७/
२०१३ हे मेहताच्या कारकिर्दीचे शिखर. त्या वर्षी कोलंबियातील काली शहरात भरलेल्या ‘वर्ल्ड गेम्स’मध्ये त्याने स्नूकरचे सुवर्णपदक जिंकले. अंतिम सामन्यात त्याने नमवले ते चीनच्या लियांग वेनबोला, म्हणजे एका मुरलेल्या व्यावसायिकाला. ऑलिंपिकमध्ये नसलेल्या खेळांचा हा जागतिक मेळा. भारतात या सुवर्णाची चर्चा फार थोडी झाली. पण मेहता कोणत्या तोडीचा खेळ करू शकतो, याची चुणूक तेथे दिसली होती.

१८/
काही महिन्यांतच ‘इंडियन ओपन’ आली. भारतात भरलेली ही पहिली रँकिंग स्पर्धा, विजेत्याला ५० हजार पौंड. ज्या देशात खेळ जन्मला तेथे व्यावसायिक दौरा पोहोचायला जवळजवळ एक शतक आणि चार दशके लागली.
अडवाणीही तेव्हा व्यावसायिक दौऱ्यावर होता. त्याच वर्षी ‘वेल्श ओपन’मध्ये रँकिंग स्पर्धेची उपांत्यपूर्व फेरी गाठणारा तो पहिला भारतीय ठरला होता. दिल्लीत उपांत्यपूर्व फेरीत मेहतासमोर उभा राहिला तो अडवाणीच. एकाच वर्षी जन्मलेले दोघे, आणि पुढे जाण्याची जागा एकालाच. मेहता जिंकला.

१९/
उपांत्य फेरीत प्रतिस्पर्धी होता स्कॉटलंडचा स्टीफन मॅग्वायर. अनेक रँकिंग विजेतेपदे नावावर असलेला हा खेळाडू. सात फ्रेमचा सामना ३-३ असा बरोबरीत आला आणि निर्णायक फ्रेम मेहताने घेतली. रँकिंग स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पोहोचणारा तो पहिला भारतीय ठरला.
अंतिम सामन्यात डिंगने त्याला एकही फ्रेम मिळू दिली नाही. पण तो डिंग कोणत्या भरात होता हेही पाहावे. त्याने नुकतीच शांघायची रँकिंग स्पर्धा जिंकली होती, दिल्लीनंतर लगेच आणखी एक जिंकली आणि त्या एका हंगामात एकूण पाच रँकिंग विजेतेपदे मिळवून स्टीफन हेंड्रीच्या विक्रमाची बरोबरी केली.

२०/
पुढल्या वर्षीचा ऑगस्ट महिना, जर्मनीतील फ्युर्थ शहर, ‘पॉल हंटर क्लासिक’ स्पर्धा. समोर पुन्हा मॅग्वायर. एका फ्रेममध्ये मेहता टेबलाशी आला. लाल, काळा, लाल, काळा, असा क्रम सुरू झाला आणि तो तुटलाच नाही. छत्तीस चेंडू, १४७ गुण. व्यावसायिक स्पर्धेत हा कमाल ब्रेक करणारा पहिला भारतीय. गीत सेठी यांनी हौशी स्पर्धेत तो फार पूर्वी साधला होता. व्यावसायिक दौऱ्याच्या अधिकृत यादीत मात्र भारताचे नाव प्रथम चढले ते मेहतामुळे.
या सगळ्या काळात त्याचे क्रमवारीतील सर्वोच्च स्थान पन्नाशीच्या आसपासच राहिले. पन्नासावा म्हणजे काय दर्जाचा खेळाडू असतो, याचे माप या फ्रेमवरून घ्यावे.

२१/
२०१४ मध्येच अडवाणीने व्यावसायिक दौरा सोडला. भारतात राहून बिलियर्ड्स आणि स्नूकर दोन्ही खेळावे, हा त्याचा निर्णय. त्याला पळ म्हणणे अन्यायाचे होईल. भारतात पेट्रोलियम कंपन्या, रेल्वे यांसारख्या संस्था खेळाडूंना नोकरी देतात, आणि राष्ट्रीय व हौशी जागतिक विजेतेपदांना सरकारी मान्यता असते. परदेशात साठाव्या क्रमांकावर झुंजण्यापेक्षा घरी राहून जगज्जेता होणे हा शहाणपणाचा हिशेब होता. मेहताने दुसरा हिशेब मांडला. तो दौऱ्यावरच राहिला. दोन्ही निर्णय एकाच परिस्थितीतून आले होते.

२२/
परिस्थिती अनुकूल होत नव्हती. क्यू क्रीडाप्रकार १९९८ पासून आशियाई क्रीडा स्पर्धेत होते. २०१४ मध्ये ते वगळले गेले. भारतात ज्या खेळाला आशियाई पदकाची शक्यता नाही, त्याच्याकडे निधी आणि लक्ष दोन्ही कमी वळते.
‘इंडियन ओपन’ची पुढची खेप मुंबईत ठरली होती, ऑक्टोबर २०१४ मध्ये. नेमक्या त्याच दिवसांत महाराष्ट्र विधानसभेची निवडणूक आली आणि स्पर्धा पुढे ढकलावी लागली. अखेर मार्च २०१५ मध्ये ती मुंबईत पार पडली. वेल्सच्या मायकेल व्हाइटने ती जिंकली. नंतर ही स्पर्धा हैदराबाद, विशाखापट्टणम, कोची अशी फिरली आणि २०१९ नंतर खंडित झाली.

२३/
मेहताच्या कारकिर्दीला निर्णायक वळण दिले ते शरीराने. स्नूकरपटू दिवसाचे कित्येक तास कमरेत वाकून, हनुवटी क्यूला टेकवून, मान वर उचललेल्या स्थितीत असतो. वर्षानुवर्षांचा हा ताण मानेच्या मणक्यांवर साचतो. मेहताला मानेच्या दुखापतीने गाठले. सराव घटला की निकाल घटतात. निकाल घटले की पौंड घटतात, आणि पौंड म्हणजेच क्रमवारी. पहिल्या दहातील खेळाडू एखादा हंगाम विश्रांती घेऊन सावरू शकतो. चौसष्टाच्या रेषेजवळ उभ्या असलेल्याला ती मुभा नसते. व्यावसायिक दौऱ्यावरील त्याचे स्थान गेले.

२४/
तरीही कथा तेथे संपत नाही. फेब्रुवारी २०१९ मध्ये इंदूर येथे मेहताने राष्ट्रीय स्नूकर विजेतेपद जिंकले. अंतिम सामन्यात समोर होता पंकज अडवाणी. त्याच वर्षी म्यानमारमधील मंडाले येथे जागतिक सांघिक स्नूकर विजेतेपद भारताकडे आले. त्या संघात दोघेच होते : अडवाणी आणि मेहता. १९८५ साली पुण्यात आणि मुंबईत सुरू झालेल्या दोन वाटा, दिल्लीत एकमेकींसमोर उभ्या ठाकलेल्या, येथे एकत्र आल्या.

२५/
व्यवस्थेतही पुढे एक बदल झाला. २०२२-२३ च्या हंगामापासून दौऱ्यावरील प्रत्येक खेळाडूला हंगामाकाठी किमान २० हजार पौंड मिळतील, अशी हमी देण्यात आली. सर्व सामने हरले तरी ही रक्कम मिळते. ज्यांची घरे ब्रिटनपासून हजारो मैलांवर आहेत, त्यांच्या प्रवास-निवासाच्या मानाने ती फार नाही. पण तळाचा खेळाडू हादेखील खेळाचा आधार आहे, हे प्रथमच आकड्यांत मान्य झाले. १२८ जणांचा दौरा उभा राहतो तो पहिल्या फेरीत हरणाऱ्या ६४ जणांमुळे. मेहताच्या उमेदीच्या वर्षांत ही हमी नव्हती.

२६/
आता मुंबईचाच इशप्रीत सिंग चढ्ढा व्यावसायिक दौऱ्यावर खेळतो आहे. यासीन मर्चंट, आदित्य मेहता, इशप्रीत चढ्ढा : तीन पिढ्या, एकच महानगर, एकच चढण.
खेळही आता जिमखान्याच्या भिंतींआड राहिलेला नाही. वाशी-नेरूळपासून ठाण्या-पुण्यापर्यंत तासाच्या दराने टेबल मिळते. महाविद्यालयातून परस्पर तेथे जाणाऱ्या मुलाला सभासदत्वाची अट आडवी येत नाही. विल्सन जोन्स यांच्या काळातील कोणा मार्करच्या मुलाला हे दृश्य अविश्वसनीय वाटले असते. दार उघडले आहे. दाराबाहेरची वाट मात्र अजूनही तितकीच लांब आहे.

२७/
शेवटी पुन्हा दिल्लीतील तो ५-०. या निकालाकडे दोन प्रकारे पाहता येते. एक म्हणजे भारतीय खेळाडूचा एकतर्फी पराभव. दुसरा असा : जबलपूरच्या छावणीत साहेबांच्या करमणुकीसाठी जन्मलेला खेळ, क्लबांच्या दालनांत दीर्घकाळ बंदिस्त राहिलेला, परदेशी बाजारपेठेत वाढलेला. त्या खेळाच्या व्यावसायिक अंतिम सामन्यात, याच भूमीवर, एक भारतीय प्रथमच टेबलाशी उभा राहिला. तेथवर पोहोचण्यासाठी त्याने जगातल्या नामांकितांना हरवले होते, आणि एकदा दौऱ्याबाहेर फेकला जाऊनही तो परतला होता.

२८/
मेहताच्या नावावर एकही रँकिंग विजेतेपद नाही. म्हणून विजेत्यांच्या यादीत त्याला शोधणारा रिकाम्या हाताने परतेल. उपविजेत्यांच्या यादीत तो आहे. १४७ च्या यादीत आहे. ‘वर्ल्ड गेम्स’च्या सुवर्णपदकांत आहे, आणि राष्ट्रीय विजेत्यांतही आहे.
इतिहासाच्या अभ्यासकाने यादीचे पहिले पान उलटायला शिकले पाहिजे. खेळ कसा घडतो, कोणाच्या श्रमावर उभा राहतो आणि कोणाला किती परत देतो, याची उत्तरे बहुधा दुसऱ्या-तिसऱ्या पानावरच लिहिलेली असतात.

(समाप्त)